संगीत नाटकातील पद व चाल : कोल्हापूरच्या एका नाट्यगृहाच्या निमित्ताने

'संगीत शाकुंतल' ह्या नावातील 'संगीत' ह्या शब्दाचे व्याकरण काय, असा प्रश्न वर्गात विचारला की विद्यार्थी क्षणभर गोंधळतात. रूपाने ते नाम आहे. कार्य मात्र विशेषणाचे करते. अण्णासाहेब किर्लोस्करांनी ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात शाकुंतलाचा प्रयोग केला, तेव्हापासून हा शब्द नाटकाच्या नावापूर्वी एखाद्या उपाधीसारखा बसलेला आहे. इंग्रजीत ह्याच्या उलट घडले. 'म्युझिकल कॉमेडी', 'म्युझिकल प्ले' ह्यांतील विशेषणाने आपल्या पुढचे नाम गिळून टाकले व 'म्युझिकल' हेच स्वतंत्र नाम झाले. अमेरिकन रंगभूमीवर तो एक निराळा नाट्यप्रकार गणला जाऊ लागला. आमच्याकडे नाटक हे नाटकच राहिले आणि संगीत हे त्याचे विशेषण. निदान शब्दांची साक्ष अशी आहे. प्रयोगाची साक्ष काय आहे, हे प्रस्तुत लेखात पाहावयाचे आहे.

हा विषय कोल्हापुरात बसून लिहावयास कारण आहे. शाहू महाराजांनी १९१३ ते १९१५ ह्या काळात खासबागेच्या कुस्तीच्या मैदानाशेजारी 'पॅलेस थिएटर' बांधविले. पुढे त्याला ह्याच नगरीत जन्मलेल्या केशवराव भोसल्यांचे नाव दिले गेले. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री ह्या वास्तूला आग लागून प्रेक्षागार व रंगमंच भस्मसात झाला. ९ ऑगस्ट हा केशवरावांचा जन्मदिवस. त्यानंतर पुनर्बांधणीचा विचार सुरू झाला तेव्हा छपराची, खुर्च्यांची, ध्वनियोजनेची चर्चा झाली, व ती व्हावयास हवीच होती. परंतु त्या रंगमंचावर जे गायिले गेले त्याची घडण कशी होती, हा प्रश्न इमारतीइतकाच महत्त्वाचा आहे. त्याची चौकशी करणे हे भाषेच्या अभ्यासकाचे काम होय.

व्याकरणात 'पद' म्हणजे प्रत्यय लागून वाक्यात येण्यास योग्य झालेला शब्द. रंगभूमीवर 'पद' म्हणजे गाणे. दोहोंचा संबंध केवळ योगायोगाचा नाही. नाटकातील पद हे शब्दांचे असते, आणि ते शब्द कोणाच्या आज्ञेत चालतात, वृत्ताच्या की चालीच्या, ह्यावर त्या पदाचे नाटकातील स्थान ठरते.

किर्लोस्करांच्या शाकुंतलात सुमारे दोनशे पदे होती. त्यांतील पुष्कळशी साकी, दिंडी, कामदा, अंजनीगीत अशा परिचित वृत्तांतील होती. दिंडीच्या चरणात एकोणीस मात्रा व नवव्या मात्रेनंतर यती. हा साचा कीर्तनाने व आख्यानकाव्याने मराठी कानात इतका मुरविलेला होता की कवीला चाल शोधावी लागत नसे. शब्द मात्रांत बसले की गाणे तयार. अशी पदे थोडक्यात आटोपत, संवादाचेच काम करीत व पुढच्या गद्य वाक्याला वाट मोकळी करून देत. अण्णासाहेब मूळचे बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूरचे. त्यामुळे त्यांच्या नाटकांत कर्नाटकी वळणाच्या तयार चालीही आहेत, हे विसरता येत नाही. तथापि तोल एकंदरीत शब्दाकडे झुकलेला आहे.

हा तोल १९११ साली बदलला. किर्लोस्कर नाटक मंडळीने त्या वर्षी १२ मार्च रोजी कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचे 'मानापमान' रंगभूमीवर आणले. खाडिलकर तोवर गद्य नाटककार म्हणून गाजलेले. त्यांच्या 'कीचकवधा'वर सरकारने आदल्याच वर्षी बंदी घातलेली. संगीत नाटकाचा त्यांचा हा पहिलाच प्रयत्न. चाली दिल्या गोविंदराव टेंबे ह्यांनी. टेंबे कोल्हापूरच्या परिसरातले, हार्मोनियमवर असामान्य प्रभुत्व असलेले. ख्याल व पूरब अंगाची ठुमरी त्यांच्या बोटांत होती. ह्या नाटकात चाल आधी सिद्ध झाली व तिच्यावर शब्द बेतले गेले. ठुमरीचा मुखडा ठरलेला, सम ठरलेली, आवर्तनात किती अक्षरे मावणार हेही ठरलेले. उरलेल्या जागेत नाटककाराने अर्थ भरावयाचा.

ह्या जागेचे दडपण भाषेवर कसे येते, हे मात्रा मोजल्या की कळते. 'माझा' ह्या शब्दाच्या चार मात्रा, 'मम' च्या दोन. 'तुझा' च्या तीन, 'तव' च्या दोन. 'नाही' च्या चार, 'ना' च्या दोन, 'न' ची एक. 'डोळे' हे दोन गुरू अक्षरांचे ओझे, तर 'नयन' ही तीन लघू अक्षरांची हलकी माळ. ती द्रुत लयीत कोठेही वळविता येते. म्हणून 'मम', 'तव', 'नयन', 'वदन' ह्यांची नाट्यपदांत जी गर्दी दिसते, तिचे कारण केवळ संस्कृताचा सोस असे मानणे बरोबर नाही. चालीने मागितलेली ती खंडणी आहे. विभक्तिप्रत्यय गळतात, क्रियापद भलत्या ठिकाणी जाते, कर्ता शेवटी उगवतो. खाडिलकरांच्या पदांवर दुर्बोधतेचा आक्षेप नेहमी घेतला जातो. त्यांच्या गद्याची बांधणी किती पक्की आहे हे ज्याने पाहिले आहे, त्याला हा दोष त्यांच्या भाषेचा नसून क्रमाचा आहे हे पटावे.

अर्थात चाल आधी आली म्हणजे भाषा अडखळलीच पाहिजे, असा नियम नाही. गोविंद बल्लाळ देवलांनी १८९९ च्या 'शारदा' नाटकात तयार चालींवर घरगुती मराठी बोलकी करून दाखविली. परंतु देवलांना ते साधले ह्याचे एक कारण असे की त्यांनी निवडलेल्या चाली लहान, सरळ व अक्षराला अक्षर देणाऱ्या होत्या. ख्यालाची चाल अक्षराला अक्षर देत नाही. ती एका अक्षराला दहा स्वर देते.

ह्या बाबतीत अमेरिकन रंगभूमीचा इतिहास पडताळून पाहण्याजोगा आहे. रिचर्ड रॉजर्स हा संगीतकार प्रथम लॉरेन्झ हार्ट ह्या कवीबरोबर काम करी, तेव्हा सामान्यतः चाल आधी व शब्द नंतर असा क्रम असे. पुढे ऑस्कर हॅमरस्टाइन (दुसरा) त्याचा सहकारी झाला व क्रम उलटला. हॅमरस्टाइन शब्द आधी लिहून देई. ३१ मार्च १९४३ रोजी न्यूयॉर्कमध्ये रंगभूमीवर आलेले 'ओक्लाहोमा!' हे ह्या जोडीचे पहिले नाटक. गाणे कथानकातून उगवले पाहिजे, हा आग्रह १९२७ च्या 'शो बोट' पासून तिकडे बळावत होताच, 'ओक्लाहोमा!' ने त्याला प्रतिष्ठा दिली. म्हणजे त्यांची रंगभूमी चालीकडून शब्दाकडे गेली, आमची शब्दाकडून चालीकडे. दोन्हीकडे प्रेक्षक तृप्त होते, हे लक्षात ठेवावे. आमच्याकडे अधोगती झाली असे मला म्हणावयाचे नाही. गायन अतिशय समृद्ध झाले. नाटकाने त्याची किंमत मोजली.

ही किंमत केशवराव भोसल्यांच्या चरित्रात स्पष्ट दिसते. १८९० चा जन्म. बालवयात स्वदेशहितचिंतक मंडळीत 'शारदे'ची भूमिका, १९०८ साली हुबळीस स्वतःच्या 'ललितकलादर्श' मंडळीची स्थापना, रामकृष्णबुवा वझ्यांकडे गायनाचे शिक्षण. त्या काळी ध्वनिवर्धक नव्हता. पॅलेस थिएटरच्या शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोहोचवावयाचा तो गळ्यानेच. आणि येथे उच्चाराचा एक विशेष ध्यानात येतो. बोलताना आपण 'वदन' ह्या शब्दातील अंत्य 'अ' उच्चारीत नाही. वर्गात विद्यार्थी पद गद्यासारखे वाचतात तेव्हा तो लोपतो. तेच विद्यार्थी ते गाऊ लागले की अंत्य 'अ' परत येतो व पाहता पाहता मोकळा 'आ' होतो, कारण तान घ्यावयास व्यंजन उपयोगी नाही. नाट्यगायनात मराठीचा जुना, लोपलेला स्वर असा पुन्हा जिवंत होतो. मात्र एकदा तो 'आ' लांबला की श्रोत्याचे लक्ष शब्दावरून उडते व पात्राचा नट उरत नाही, गवई उरतो.

८ जुलै १९२१ रोजी मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी 'संयुक्त मानापमान' झाले. केशवराव धैर्यधर, बालगंधर्व भामिनी. प्रतिस्पर्धी मंडळ्यांचे दोन मालक एका रंगमंचावर. नाटक दहा वर्षांचे जुने, कथा सर्वांना पाठ. प्रेक्षक गर्दी करून आले ते दोन गळे शेजारी ऐकण्यासाठी. भामिनीचा गर्व कसा उतरतो ह्याची उत्सुकता कोणाला असणार? ह्या प्रयोगानंतर तीन महिन्यांच्या आत, ४ ऑक्टोबर १९२१ रोजी, केशवराव विषमज्वराने वारले. वय अवघे एकतीस.

जाता जाता एका शब्दाची नोंद करतो. इंग्रजी 'वन्स मोअर' हे दोन शब्द मराठीने जोडून 'वन्समोर' हे एक नाम बनविले. तो घेता येतो, मिळतो, दिला जातो. अमेरिकन नाटकातही गाणे पुन्हा येते, पण ते लेखकाने व संगीतकाराने कथानकाच्या सोयीने योजलेले असते. आमचा वन्समोर प्रेक्षकाच्या हातचा. मूर्च्छित पडलेले पात्र उठून पुन्हा गाई व पुन्हा मूर्च्छित होई. नाटकावर चालीचा अधिकार किती चालत होता, त्याचे ह्याहून चांगले माप मला ठाऊक नाही.

पदे नाटकाबाहेर पडली, मैफलीत व आकाशवाणीवर गेली आणि टिकली. ज्या संवादांच्या मध्ये ती बसविली होती ते संवाद आज थोड्यांनाच आठवतात. जुन्या छापील नाट्यपुस्तकांत पदाच्या माथ्यावर राग, ताल व 'चाल' म्हणून मूळ गीताचे पहिले दोनचार शब्द दिलेले असतात. ते कधी हिंदुस्थानी, कधी कन्नड, कधी दुसऱ्याच एखाद्या मराठी नाटकातील पदाचे. ही अर्धी ओळ म्हणजे त्या पदाचा वंशवृक्ष होय. पुढच्या आवृत्त्यांत व पदसंग्रहांत जागा वाचविण्यासाठी ती पुष्कळदा गाळली जाते, आणि ज्या गीताचे नाव तेथे आहे ते म्हणून दाखविणारे ऑर्गनवादक व साथीदारही आता वृद्ध झाले आहेत. कोल्हापूर, सांगली, मिरज ह्या टापूत अशी पुस्तके घरोघरच्या माळ्यांवर व रद्दीच्या दुकानांत अजून सापडतात. काहींच्या समासात कोणा नटाने शिसपेन्सिलीने श्वास घेण्याच्या जागा खुणावलेल्या असतात.