कॅमेऱ्याला विचारलेला प्रश्न

आनंद पटवर्धनांवर बोलायला खरे तर चित्रपटांचा जाणकार हवा होता. मी माकुणसारचा, बोईसर-तारापूरच्या कारखान्यांत युनियन बांधणारा. शिक्षण म्हणाल तर वाचनालयात झाले तेवढेच. पण त्यांच्या एका अनुबोधपटातली एक बाई मला सोडीत नाही, म्हणून उभा राहिलो.

अनुबोधपट म्हटला की आपल्याला फिल्म्स डिव्हिजन आठवते. मुख्य चित्राआधी पडद्यावर धरण दिसे, पीक दिसे, आणि भारदस्त आवाजातला निवेदक त्याचा अर्थही सांगून टाकी. राबणारा मजूर पडद्यावर असे. त्याला तोंड नसे.

पटवर्धनांचा जन्म 1950 चा, मुंबईचा. बिहारचे आंदोलन त्यांनी 1974 साली टिपले. आणीबाणीत त्या पटाची प्रत तुकडे करून परदेशी धाडावी लागली. पुढे 1985 साली ‘हमारा शहर’ आला. मुंबईत झोपड्या पाडल्या जात होत्या. पाडणारे अधिकारी, त्यांची भलामण करणारे सुखवस्तू नागरिक, उघड्यावर पडलेली माणसे, साऱ्यांना त्यांनी बोलू दिले. त्यातच एक बाई संतापून त्यांनाच खडसावते: गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव कमावणार, आमचे काय? दुसऱ्या कुणी तेवढा भाग कापला असता. पटवर्धनांनी ठेवला.

अमेरिकेतले फ्रेडरिक वाइजमन प्रश्न विचारीत नसत, निवेदन देत नसत, नुसते पाहत. पटवर्धन तसे नव्हेत. ते प्रश्न विचारतात, बाजूही घेतात. मला त्यात दोष दिसत नाही. ज्याचे घर पडते आहे त्याच्याजवळ उभे राहून तटस्थ कसे राहायचे? मात्र बाजू घेणाऱ्याने विरोधकाचे म्हणणे गाळू नये, आणि स्वतःवरचा आरोप तर नाहीच नाही.

हे मला सोपे गेले नाही. एका कारखान्यात बोटे गेलेल्या मुलाची हकीकत मी लिहून घेत होतो. त्याची आई म्हणाली, “लिहून काय होनार?” मला उत्तर सुचले नाही. पत्रक निघाले, त्यात तिचे वाक्य नव्हते.

‘हमारा शहर’मध्ये शाहीर विलास घोगरे गातात. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात, आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेचा निषेध करणाऱ्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. 10 माणसे गेली. त्या दुःखात चारच दिवसांनी घोगरे यांनी आपले जीवन संपविले. पटवर्धन त्या वस्तीत गेले आणि 14 वर्षे जात राहिले. खटला रेंगाळला, पुढाऱ्यांनी नवे घरोबे केले, कबीर कला मंचाची तरुण मुले गाऊ लागली. हे सारे 2011 साली ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये आले. मग तो पट त्यांनी रमाबाई नगरातल्या लोकांनाही दाखविला.

त्या आईच्या घरी मी पत्रकानंतर दोनदाच गेलो.