कायमस्वरूपी वाटेचा शोध : पर्युदरीय डायलिसिसच्या कॅथेटरची ऐतिहासिक वाटचाल

प्रस्तावना

मूत्रपिंडे निकामी झाल्यावर रक्तातील त्याज्य द्रव्ये व जादा पाणी शरीराबाहेर काढण्यासाठी कृत्रिम उपाय योजावा लागतो. यंत्राद्वारे रक्त शुद्ध करण्याची पद्धत सर्वपरिचित आहे. पोटातील अवयवांना आच्छादणाऱ्या पातळ पटलाचा, म्हणजे पर्युदराचा, गाळणीसारखा उपयोग करणारी पर्युदरीय डायलिसिसची पद्धत मात्र त्या मानाने अपरिचित राहिली आहे. या पद्धतीत ग्लुकोज व क्षार असलेला निर्जंतुक द्रव नळीवाटे उदरपोकळीत सोडतात. काही तासांत रक्तातील त्याज्य द्रव्ये त्या द्रवात उतरतात, ग्लुकोजमुळे जादा पाणीही ओढले जाते आणि मग तो द्रव बाहेर काढला जातो.

या उपचाराचा इतिहास बहुधा द्रव आणि यंत्रे यांच्या अंगाने सांगितला जातो. वस्तुतः त्याचा मार्ग दीर्घकाळ अडला तो एका साध्या प्रश्नापाशी : जीवजंतूंना आत न येऊ देता पोटात शिरण्याची वाट कायम खुली कशी ठेवावी? या प्रश्नाच्या उत्तराचा आढावा घेणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

प्रारंभीचे प्रयत्न

पर्युदरातून द्रव्यांची देवाणघेवाण होते, हे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील प्राण्यांवरील प्रयोगांनी दाखवून दिले होते. इ. स. १९२३ मध्ये जर्मन वैद्य गेऑर्ग गान्टर यांनी या तत्त्वाचा माणसावर केलेला वापर प्रसिद्ध केला. त्यांच्यापाशी खास नळी नव्हती, सुईवाटे द्रव आत सोडला जात असे. १९४६ मध्ये बोस्टन येथील फाइन, फ्रँक आणि सेलिगमन यांनी मूत्रपिंडे अकस्मात बंद पडलेल्या रुग्णाचे प्राण या मार्गाने वाचविल्याचे प्रसिद्ध केले. त्यांनी एका नळीतून द्रव आत व दुसऱ्या नळीतून बाहेर, असा अखंड प्रवाह ठेवला होता. परंतु अशा नळ्या पोटातील मेदाच्या पडद्याने तुंबत, त्यांच्या कडेने द्रव पाझरे आणि त्याच वाटेने जंतू शिरून पर्युदरशोथ होई.

१९५९ मध्ये लॉस एंजेलिसच्या मॉर्टन मॅक्सवेल यांनी बारीक छिद्रे असलेली नायलॉनची नळी आणि तयार द्रवाच्या बाटल्या यांवर आधारित सुटसुटीत पद्धत प्रसिद्ध केली. त्यामुळे तात्कालिक उपचार सामान्य रुग्णालयांच्या आवाक्यात आले. ज्यांची मूत्रपिंडे पुन्हा सुरू होणार होती, त्यांच्यासाठी एवढे पुरेसे होते. ज्यांची होणार नव्हती, त्यांचे काय, हा प्रश्न तसाच राहिला.

सिएटलमधील पेच

या प्रश्नाला अमेरिकेतील सिएटल शहरात निर्णायक वळण मिळाले. १९६२ मध्ये ॲमस्टरडॅमहून तेथे आलेले फ्रेड बोन यांनी स्वयंचलित यंत्रावर दीर्घकालीन उपचार सुरू केले. पोटात कायम ठेवलेली साधने जंतुसंसर्गाला कारण होतात, हे पाहून त्यांनी नळी न ठेवण्याचाच मार्ग पत्करला. प्रत्येक वेळी नवे छिद्र करून नळी घालायची, उपचार संपताच ती काढायची आणि जखम भरू द्यायची. संसर्ग कमी झाला, परंतु रुग्णाला पुनःपुन्हा छिद्र सोसावे लागे. त्यांचे सहकारी हेन्री टेन्कॉफ यांनी हीच पद्धत रुग्णाच्या घरी राबविली, तेव्हा नळी घालण्यासाठी दर खेपेस डॉक्टरला घरी जावे लागे. नळी ठेवावी तर संसर्ग, काढावी तर डॉक्टरवाचून गती नाही, असा हा पेच होता. अशा रीतीने मोजक्याच रुग्णांना उपचार देता येणार होते.

दोन कफांची नळी

१९६४ मध्ये कॅनडातील रसेल पामर यांनी वेन क्विंटन यांच्या सहकार्याने सिलिकॉनची मऊ नळी त्वचेखालच्या लांब बोगद्यातून नेली. या कल्पनेला परिपूर्ण रूप दिले ते टेन्कॉफ आणि हॅरॉल्ड शेक्टर यांनी १९६८ मध्ये. त्यांच्या सिलिकॉनच्या नळीवर डेक्रॉन या तंतूचे दोन कफ बसविलेले होते. एक पर्युदरालगत, तर दुसरा त्वचेखाली. काही आठवड्यांत शरीराच्या पेशी या कफांत वाढतात, नळी घट्ट धरली जाते आणि जंतूंची वाट अडते. जखम बाहेरून बंद करण्याऐवजी ती बुजविण्याचे काम शरीराकडूनच करून घेणे, हे या रचनेचे मर्म होय. नंतर अनेक सुधारणा झाल्या. त्वार्डोव्स्की यांची हंसाच्या मानेसारखी वाकवलेली नळी हे त्यांचे एक उदाहरण. तथापि, आजच्या बहुतेक नळ्यांचे मूळ रूप टेन्कॉफ यांचेच आहे.

नळी बसविण्याचे शास्त्रही याबरोबर घडत गेले. बाहेर पडण्याचे छिद्र खाली किंवा बाजूला वळलेले असावे, म्हणजे घाम व पाणी त्यात साचत नाही. रुग्णाला बसवून व उभे करून, कमरपट्ट्याची जागा टाळून, ते आधीच आखून घ्यावे. शस्त्रक्रियेपूर्वी प्रतिजैविकाची मात्रा द्यावी आणि शक्य तेथे किमान दोन आठवडे थांबून मगच नियमित उपचार सुरू करावेत. कफ रुजण्याआधी पोट द्रवाने भरले, तर गळती होते.

डॉक्टरकडून घराकडे

१९७६ मध्ये पोपोविच आणि मॉनक्रीफ यांनी यंत्राशिवाय, दिवसभर द्रव पोटात ठेवून काही वेळा बदलण्याची कल्पना मांडली. नळी कायमची असल्यामुळेच हे शक्य झाले. मात्र काचेच्या बाटल्या वारंवार जोडताना संसर्ग होई. टोरंटोच्या ओरिओपोलस यांनी प्लॅस्टिकच्या पिशव्या वापरात आणल्या. पुढे इटलीत विकसित झालेल्या वाय आकाराच्या जोडणीने द्रव भरण्यापूर्वी नळी धुऊन काढण्याची सोय झाली आणि पर्युदरशोथाचे प्रमाण लक्षणीय घटले.

येथे या इतिहासाचे केंद्र बदलते. नळी शल्यचिकित्सक बसवितो, परंतु तिचे आयुष्य ठरते ते घरी. साबणाने हात धुऊन कोरडे करणे, तोंडावर मास्क बांधणे, द्रव बदलताना दारे-खिडक्या व पंखा बंद ठेवणे, छिद्राची रोजची स्वच्छता, तेथे प्रतिजैविक मलम लावणे, नळी ओढली जाऊ नये म्हणून चिकटपट्टीने बांधून ठेवणे. ही कामे रुग्ण, त्याची पत्नी, मुलगा किंवा सून करतात. बाहेर आलेला द्रव गढूळ दिसताच विनाविलंब रुग्णालय गाठणे, हेही त्यांनाच कळावे लागते. आंतरराष्ट्रीय संघटनेच्या २०२२ च्या शिफारशींनुसार पर्युदरशोथाचे प्रमाण एका रुग्णामागे वर्षाला ०.४० प्रसंगांहून अधिक असू नये. हे उद्दिष्ट रुग्णशिक्षणावाचून गाठता येत नाही.

भारतात ही पद्धत १९९१ पासून वापरात आली. राष्ट्रीय डायलिसिस कार्यक्रम २०१६ मध्ये यंत्राधारित उपचारांनी सुरू झाला आणि पर्युदरीय डायलिसिससाठी मार्गदर्शक सूचना २०१९ मध्ये निघाल्या. डायलिसिस केंद्रापासून दूर राहणाऱ्या खेड्यातील रुग्णाला आठवड्यातून दोन-तीन वेळा प्रवास करावा लागणे म्हणजे मजुरी बुडणे होय. अशा कुटुंबासाठी या नळीचे मोल निराळे आहे. परंतु द्रवाच्या पिशव्यांचा नियमित पुरवठा आणि शिकविणारी प्रशिक्षित परिचारिका यांच्याअभावी तेच साधन धोक्याचे ठरू शकते.

समारोप

गान्टर यांच्या सुईपासून टेन्कॉफ यांच्या नळीपर्यंत पंचेचाळीस वर्षे लागली. या काळात पर्युदराचे गुणधर्म बदलले नाहीत, बदलली ती तेथवर जाण्याची वाट. वाट सुरक्षित होताच उपचार डॉक्टरच्या हातातून रुग्णाच्या घरात गेला आणि त्याबरोबर जबाबदारीही गेली. म्हणून या साधनाच्या प्रसाराचा विचार करताना नळ्यांच्या संख्येइतकेच घरातील हात किती शिकवून तयार केले, याकडेही लक्ष देणे अगत्याचे ठरते.