पऱ्हाटी कुणाची, अळी कुणाची?

२०१७ चा खरीप यवतमाळ जिल्ह्यात कोणी विसरलेले नाही. पावसाळ्याच्या उत्तरार्धात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो जण दवाखान्यात भरती झाले. गावे त्या धक्क्यातून सावरत नाहीत तोच दिवाळीच्या सुमारास बोंडे फोडून पाहिली, तर आत गुलाबी अळी. त्या वर्षापासून एक समजूत जिल्ह्यात घट्ट रुजली आहे. ही अळी मुळात इथली नाही, बाहेरच्या बियाण्याबरोबर ती आपल्या शेतात शिरली, असे म्हटले जाते. घर लुटले गेले की पहिला संशय परक्यावर जातो, तसेच हे आहे, आणि ज्यांनी एवढे सोसले त्यांना त्यासाठी दोष देता येत नाही. पण कापसाचा इतिहास नेमका उलट साक्ष देतो. अळी आपल्याच मुलखातली आहे, बाहेरून आली आहे ती आजची पऱ्हाटी. हा फरक केवळ अभ्यासकांपुरता नाही. संकट परके मानले की त्यावरचा उपायही आपण बाहेरच शोधत राहतो.

गुलाबी बोंडअळीला शास्त्रीय नाव मिळाले १८४३ साली. डब्ल्यू. डब्ल्यू. सॉन्डर्स या इंग्रज कीटकतज्ज्ञाने तिचे वर्णन केले ते गुजरातेतल्या भडोचहून गेलेल्या नमुन्यांवरून. त्या वेळी भारतात ना संकरित वाण होते ना कोणती बियाणे कंपनी. पुढे विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात हिंदुस्थानातून गेलेल्या सरकीतून ही अळी इजिप्तला पोचली आणि नाईलकाठच्या कापसाची तिने दाणादाण उडवली. इजिप्तहून ती १९११ च्या सुमारास मेक्सिकोत उतरली आणि १९१७ मध्ये टेक्सासमध्ये सापडली. म्हणजे जगातल्या निम्म्या कापूस पट्ट्याच्या दृष्टीने परकी, उपद्रवी, बंदरावर अडवायला हवी अशी कीड आपल्याकडून गेली. तिचे मूळ घर याहून पूर्वेला, इंडोनेशिया-उत्तर ऑस्ट्रेलियाच्या बाजूला असावे, असे काही अभ्यासकांचे म्हणणे आहे. ते खरे धरले तरी ती भारतात पावणेदोनशे वर्षांहून अधिक काळ आहे, हे त्या १८४३ च्या नोंदीनेच सिद्ध होते. एवढ्या काळात तिने २०१७ सारखा कहर वऱ्हाडात कधी केला नव्हता. मग बदलले काय?

बदलला तो कापूस. १९०५ पर्यंत आजच्या यवतमाळ जिल्ह्याचे नाव वणी जिल्हा होते. वर्धा आणि पैनगंगेच्या मधल्या या काळ्या जमिनीत तेव्हा पिकायचा तो देशी कापूस, आखूड धाग्याचा, काटक, कमी पाण्यावर तग धरणारा. मुंबईच्या बाजारात वऱ्हाडचा माल ‘उमरा’ या नावाने विकला जाई. विसाव्या शतकाच्या आरंभी मूर्तिजापूर-यवतमाळ ही छोट्या रुळांची गाडी, जिला पुढे सारे ‘शकुंतला’ म्हणू लागले, बांधली गेली तीही या कापसासाठीच. अमेरिकन कापूस इथे रुजवण्याचे प्रयत्न त्याआधीपासून चालू होते. १८४० साली कंपनी सरकारने त्यासाठी अमेरिकेतून दहा अनुभवी लागवडदार आणले होते. त्यांच्या खटपटीतून पुढे धारवाडकडे काहीसे यश आले, बाकी बहुतेक ठिकाणी ते रोप टिकले नाही. लँकेशायरच्या गिरण्यांना लांब धागा हवा होता, पण वऱ्हाडची हवा आणि इथले किडे त्या पाहुण्याला दाद देत नव्हते. स्वातंत्र्याच्या वेळीही देशातला जवळजवळ सारा कापूस देशीच होता.

पाहुण्याचा जम बसला तो संकरामुळे. १९७० साली सुरतच्या संशोधन केंद्रात सी. टी. पटेल यांनी ‘एच-४’ हा जगातला पहिला व्यापारी संकरित कापूस दिला. महाराष्ट्रात तेव्हा मुख्यमंत्री होते पुसद तालुक्यातल्या गहुलीचे वसंतराव नाईक, आणि संकरित बियाण्यांवर त्यांचा मनापासून विश्वास होता. ऐंशीच्या दशकात नांदेडच्या एनएचएच-४४ ने मराठवाडा-विदर्भ व्यापला. उत्पन्न वाढले, धागा लांबला, गिरण्यांना हवा तसा माल मिळाला. हे यश खोटे नव्हते, आणि ज्यांनी ते मिळवले त्यांच्याविषयी आदरच वाटतो. पण या अमेरिकन जातीच्या झाडाबरोबर दोन गोष्टी शेतात आल्या. एक म्हणजे मावा, तुडतुडे, फुलकिडे यांना बळी पडण्याची प्रवृत्ती, जी देशी कापसात कितीतरी कमी होती. दुसरी म्हणजे लांबलेला हंगाम. देशी पऱ्हाटी मृगात पेरली की थंडीत आटोपत असे. संकरित झाड पाणी मिळाले तर फेब्रुवारी-मार्चपर्यंत बोंडे धरत राहते. ही फरदड शेतकऱ्याला चार पैसे देते आणि गुलाबी अळीला वर्षभराचा मुक्काम.

अळीचा कारभार जवळून पाहिला की हे लक्षात येते. मादी फुलावर, पातीवर किंवा कोवळ्या बोंडावर अंडी घालते. फुलात शिरलेली अळी पाकळ्या आतून रेशमाने बांधते आणि फूल उमलतच नाही. त्यालाच शेतकरी डोमकळी म्हणतो. बोंडात शिरलेली अळी आली तेव्हा केसाएवढी असते, त्यामुळे तिचे भोक भरून येते आणि बोंड वरून निरोगी दिसते. आत ती सरकी खाते, रुई पिवळी पडते, बोंड अर्धेच उमलते आणि वेचणाऱ्या बाईच्या हाती येतो कवडी कापूस. एकदा अळी बोंडात गेली की कोणतेही औषध तिच्यापर्यंत पोचत नाही. हंगाम सरत आला की ती दोन बिया एकमेकींना चिकटवून त्या जोडबीत सुप्तावस्थेत पडून राहते, कधी शेतातल्या पऱ्हाट्यांवरच्या न फुटलेल्या बोंडांत, कधी जिनिंगच्या आवारातल्या सरकीत. पुढच्या जून-जुलैत कपाशीला पात्या धरल्या की पतंग तयारच असतात. हंगाम आटोपून शिवार काही महिने कपाशीवाचून राहिले असते तर यातले बरेच पतंग उपाशी मेले असते.

बीटीची कहाणी याच धाग्याची आहे. २००२ मध्ये अळीला मारणारे विष झाडातच तयार करणाऱ्या बीटी कापसाला परवानगी मिळाली ती मुख्यतः हिरव्या बोंडअळीसाठी. त्या अळीला आपण अमेरिकन बोंडअळी म्हणतो, प्रत्यक्षात ती जुन्या जगातली असून दक्षिण अमेरिकेत तिची पहिली नोंद २०१३ साली ब्राझीलमध्ये झाली. बीटीने पहिली काही वर्षे दोन्ही अळ्या आवरल्या. पण जगात इतरत्र बीटी मुख्यतः सरळ वाणांत आला, आपल्याकडे संकरित वाणांत. संकरित झाडाच्या एकाच बोंडातल्या काही बियांत विष असते आणि काहींत नसते. अशा मिश्र ताटावर जगून गुलाबी अळीने विष पचवण्याची ताकद कमावली. २०१० पर्यंत गुजरातेत पहिल्या बीटीविरुद्ध तिची प्रतिकारशक्ती नोंदली गेली, पुढच्या पाच-सात वर्षांत दुसरे बीटी, म्हणजे बीजी-२, हेही निकामी झाले. ही ताकद फैलावू नये म्हणून बांधाला लावायच्या नॉन-बीटीच्या पुड्या बहुतेकांनी पेरल्याच नाहीत. त्याचा दोष एकट्या शेतकऱ्यावर टाकता येत नाही. त्या ओळींचे नुकसान त्यानेच सोसायचे होते आणि त्यांचा हेतू त्याला नीट समजावून सांगण्याचे काम फार थोड्यांनी केले.

यावर एक रास्त आक्षेप निघतो. परके जीव धोक्याचे नसतातच का? असतात. १९५६ मध्ये पुण्यात नोंदले गेलेले गाजर गवत आज यवतमाळच्या प्रत्येक पडीक जागेत आहे आणि माणसांची कातडी सोलवटून काढते. अमेरिकेतला सोंड्या भुंगा भारतात अजून स्थिरावलेला नाही. १९१४ च्या विनाशकारी कीटक कायद्यापासून बंदरांवर चालत आलेल्या तपासणीला त्याचे श्रेय द्यायलाच हवे. पण परकेपणा आणि विध्वंस यांची गाठ पक्की नाही. २००५-०६ च्या सुमारास अमेरिका खंडातून आलेला पिठ्या ढेकूण भारताच्या कपाशीवर पसरला आणि सगळीकडे घबराट उडाली. मग त्याला आतून पोखरणारी एक इवलीशी गांधीलमाशी कोणी न आणताच शेतांत दिसू लागली. तिला २००९ मध्ये नाव देण्यात आले ते दिल्लीच्या राष्ट्रीय कीड व्यवस्थापन केंद्राचे संचालक डॉ. बांबावाले यांच्यावरून. नंतर कळले की ही माशीही मुळात अमेरिकेचीच. तिच्यामुळे ढेकूण बऱ्याच ठिकाणी आटोक्यात आला. जिथे तिलाच फवारून मारले गेले, तिथे ढेकणाला मोकळे रान मिळाले.

परक्या जिवाच्या भीतीने उपचारच कसा घातक होतो, याचा एक दाखला आसामात आहे. २०१२ च्या मे महिन्यात तिनसुकिया जिल्ह्यातल्या सदियात मोठे केसाळ कोळी निघाले, दोन माणसे दगावली आणि कोणत्या तरी परदेशी विषारी जातीचा हल्ला झाला अशी बातमी पसरली. तपासणाऱ्यांना ते त्याच प्रदेशातल्या टॅरँटुलांपैकी असावेत असे वाटले. मेलेल्या दोघांनाही आधी गावच्या वैदूंकडे नेऊन जखमा ब्लेडने चिरण्यात आल्या होत्या, असेही डॉक्टरांनी सांगितले. यवतमाळातले मृत्यूही किडीच्या चाव्याने झालेले नव्हते. त्या वर्षी कपाशी डोक्याच्या वर गेली होती, दाट झाली होती, चार-चार औषधे एकत्र मिसळून भर उन्हात, तोंडाला साधे फडके बांधून फवारली जात होती. बोंडअळीचा मोठा उद्रेक त्यानंतर दिसला. फवारणीचा बराच भाग रस शोषणाऱ्या किडींसाठी होता, म्हणजे अमेरिकन झाडाच्या जुन्या कमकुवतपणासाठीच. त्या फवाऱ्याखाली कपाशीतले कोळी, ढालकिडे, क्रायसोपा हेही मेले. फुकटात राखण करणारे तेच होते.

दुसरा आक्षेप असा की मग देशी कापसाकडे परत जायचे का. सगळ्यांनी जावे असे म्हणणे अव्यवहार्य आहे. आखूड धाग्याला बाजार नाही आणि पोट कापसावर आहे. पण झाड परके असले तरी त्याचा हंगाम आपल्या हातात आहे. अमेरिकेने २०१८ च्या ऑक्टोबरमध्ये आपला कापूस गुलाबी बोंडअळीपासून मुक्त झाल्याचे जाहीर केले. बीटी वाण तिथेही होते. पण त्यांच्या जोडीला कामगंध सापळे होते, विमानातून सोडलेले निर्बीज पतंग होते आणि ठरलेल्या मुदतीत सगळ्या शेतांतले झाडोरे जमिनीत गाडण्याची सक्ती होती. एकाने पाळली आणि शेजाऱ्याने नाही, तर या शेवटच्या गोष्टीचा उपयोग होत नाही. आपल्याकडे मे महिन्यातली पेरणी टाळण्यासाठी काही वर्षे बियाण्याची विक्री जूनपर्यंत थांबवली गेली, ते योग्यच होते. पण हंगामाचे दुसरे टोक मोकळेच राहिले आहे. पांढरकवडा असो, घाटंजी असो वा राळेगाव, डिसेंबर संपता संपता गावातल्या साऱ्या पऱ्हाट्या उपटून श्रेडरने बारीक करून टाकाव्यात. फरदडीचे पैसे बुडतील त्यांना शासनाने त्या वर्षापुरती भरपाई द्यावी. जिनिंगवाल्यांनी सरकीचे ढीग उन्हाळ्याआधी हलवावेत आणि आवारात प्रकाश सापळे लावावेत. ग्रामसभेने हा ठराव याच दिवाळीआधी करावा.