अहमदनगरचा कापड बाजार : गल्लीनामे आणि बाजारपेठेची सामाजिक स्मृती

प्रस्तावना

मलिक अहमद निजामशाह याने 1490 मध्ये वसविलेल्या अहमदनगरचा (2024 पासून अहिल्यानगर) इतिहास प्रामुख्याने किल्ला, चाँदबीबी आणि 1803 चा इंग्रजांचा विजय यांभोवती लिहिला गेला. शहराचे दैनंदिन जीवन घडविणाऱ्या बाजारपेठेकडे मात्र तुलनेने कमी लक्ष गेले. प्रस्तुत लेखात कापड बाजार परिसरातील स्थलनामांच्या आधारे या उणिवेचा विचार केला आहे.

बाजाराची घडण

कापड बाजार, आडते बाजार, दाळमंडई, गंज बाजार, मोची गल्ली ही नावे व्यवसायांची विभागणी दर्शवितात. एकोणिसाव्या शतकात लुगडी विणणे हा शहराचा प्रमुख उद्योग होता. साळी, कोष्टी व पद्मशाली समाजांची उपजीविका त्यावर चाले. 1878 मध्ये दौंड–मनमाड लोहमार्ग सुरू झाला आणि गिरणीचे कापड नगरला सुलभतेने पोहोचू लागले. या लोहमार्गाने दुकानदाराला माल मिळाला. विणकराला मात्र स्पर्धक मिळाला. पुढे पद्मशाली समाजातील अनेक स्त्रिया विडीउद्योगाकडे वळल्या. मारवाडी व गुजराती व्यापाऱ्यांच्या या पेठेत 1947 च्या फाळणीनंतर सिंधी कुटुंबांचीही भर पडली.

बाजार आणि समाज

ग्रामीण कुटुंबांच्या दृष्टीने कापड बाजार म्हणजे लग्नाचा बस्ता. वधू-वरांकडील वडीलधारी मंडळी दुकानातील गादीवर बसत. मानपानाची लुगडी, धोतरे, फेटे निवडले जात. सुगीवर फेडावयाची उधारी परस्परविश्वासावर चाले. अशा रीतीने बाजार हे निरनिराळ्या जाती-धर्मांच्या व भाषांच्या लोकांना एकमेकांवर अवलंबून ठेवणारे स्थान होते.

निष्कर्ष

1963 च्या कृषी उत्पन्न पणन कायद्यानंतर घाऊक शेतमालाचा व्यापार नियंत्रित बाजार आवाराकडे वळत गेला, तर सावेडी उपनगराच्या वाढीबरोबर खरेदीची नवी केंद्रे निर्माण झाली. जुन्या पेठेतील व्यवसाय बदलले, नावे मात्र टिकली. व्यापाऱ्याच्या मागे निदान कीर्द-खतावणी उरते. मोची, विणकर, हमाल यांच्या मागे बहुधा गल्लीचे नाव आणि वृद्धांची आठवण एवढेच उरते. म्हणून गल्लीचे नाव हे कष्टकऱ्यांच्या इतिहासाचे साधन मानून, वयोवृद्ध कारागीर व ग्राहकांच्या आठवणी वेळीच नोंदविणे हे स्थानिक महाविद्यालयांचे कर्तव्य ठरते.