वितळतारेची साक्ष

बेळगावहून साखळीकडे उतरताना, चोर्ला घाटातल्या एखाद्या वळणावर, आषाढातील मुसळधार पावसात धावती मोटार एकाएकी मुकी होते. आधी एकदोन आचके, मग इंजिनाचा आवाज बंद, आणि केवळ उताराच्या जोरावर फिरणारी चाके. चालक गाडी कडेला घेतो आणि किल्ली फिरवतो. गॅरेजमध्ये ज्याला ‘सेल्फ’ म्हणतात तो स्टार्टर जोराने घरघरतो, इंजिन गरागरा फिरते. परंतु ते पेट काही घेत नाही. दिवे लागतात, भोंगा वाजतो, वायपर काच पुसतात, काटा टाकीत पेट्रोल असल्याचे सांगतो. मागच्या आसनावरील मंडळींपैकी कोणी देवाचे नाव घेते, कोणी चालकाला बोल लावते. या साऱ्या गोंधळाचे मूळ पुष्कळदा नखाएवढ्या एका वस्तूत असते. ती वस्तू म्हणजे पेट्रोलपंपाचा फ्यूज. मराठी शास्त्रीय परिभाषेने तिला ‘वितळतार’ असे अन्वर्थक नाव दिले आहे.

‘फ्यूज उडाला’ असे म्हणताना बोलणाऱ्याच्या स्वरात नेहमी तक्रार असते, जणू काही त्या बिचाऱ्या तारेनेच दगा दिला. वस्तुस्थिती अगदी उलट आहे. वितळणे हेच तिचे काम. ज्या दिवशी ती वितळते त्या दिवशी तिने आपले कर्तव्य केलेले असते. हे नीट ध्यानी यावे म्हणून दोन इतिहास पाहावे लागतात: एक या तारेचा, आणि दुसरा टाकीपासून इंजिनापर्यंत जाणाऱ्या पेट्रोलाच्या वाटेचा. हे दोन्ही प्रवाह बराच काळ वेगवेगळे वाहत होते. पुढे ते मोटारीच्या पोटात एकत्र आले.

तारेचा इतिहास मोटारीपेक्षा जुना आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास युरोपात तारायंत्राचे जाळे पसरू लागले आणि त्याबरोबर एक नवे संकट उभे राहिले. मैलोगणती उघड्यावर ताणलेल्या तारांवर वीज कोसळे, आणि तो प्रचंड प्रवाह तारेच्या वाटेने थेट कचेरीत शिरून यंत्रे जाळून टाकी. पॅरिसमधील विख्यात घड्याळजी घराण्यातले लुई ब्रेगे यांनी १८४७ साली यावर एक साधा उपाय सुचवला. कचेरीत शिरण्यापूर्वी तारेचा एक तुकडा मुद्दाम बारीक ठेवावा. आकाशातून मोठा प्रवाह आलाच, तर तो तुकडा वितळून वाट तुटेल आणि आतील यंत्र वाचेल. साखळीत जाणूनबुजून एक कडी कच्ची ठेवायची, आणि ती कुठे तुटावी हे आपण ठरवायचे, हा विचार वरवर विपरीत वाटतो. पण आजच्या प्रत्येक फ्यूजच्या मुळाशी तोच आहे.

त्यामागचे गणित त्याच सुमारास इंग्लंडात जेम्स जूल यांनी सिद्ध केले होते. तारेतून विजेचा प्रवाह गेला की तार तापते, हे सर्वांना ठाऊक होते. जूल यांनी १८४१ साली दाखवून दिले की ही उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. प्रवाह दुप्पट झाला की उष्णता चौपट, तिप्पट झाला की नऊपट. हा एक नियम लक्षात ठेवला तर फ्यूजविषयीची पुढची सर्व चर्चा आपोआप उलगडते.

१८८२ च्या सप्टेंबरात न्यूयॉर्कच्या पर्ल स्ट्रीटवर एडिसनचे वीजकेंद्र सुरू झाले आणि वीज कचेऱ्यांत व दुकानांत शिरली. आता संकट आकाशातील विजेचे राहिले नाही, ते भिंतीतल्या तारेचे झाले. दोन तारा चुकून एकमेकींना चिकटल्या तर घर पेटू शकत होते. एडिसनने आपल्या वितरणव्यवस्थेत वितळणाऱ्या तारांची योजना केली आणि १८९० साली फ्यूजचे पेटंट घेतले. मधल्या काळात, इंग्लंडच्या डाकतार खात्यातील विल्यम प्रीस यांनी कोणत्या धातूची किती जाड तार किती प्रवाहाला वितळते याचे नियम प्रयोगांनी बसवले. तारेचा व्यास चौपट केला तर तिला वितळवण्यास आठपट प्रवाह लागतो, असे त्यांचे सूत्र सांगते. १८८७ साली आर्थर कॉकबर्न यांनी निरनिराळ्या धातूंच्या फ्यूजतारा प्रत्यक्षात कशा वागतात याचा अभ्यास प्रसिद्ध केला. अशा रीतीने, अंदाजाने लावलेला शिशाचा तुकडा हळूहळू मोजूनमापून घडवलेले साधन बनला.

आता दुसरा इतिहास. मोटारीच्या आरंभकाळात पेट्रोल इंजिनाकडे नेण्यासाठी पंप नव्हता. १८८८ च्या ऑगस्टात बेर्टा बेंझ या धाडसी बाईने आपल्या दोन मुलांना घेऊन मानहाइम ते फोर्त्सहाइम असा, मोटारीचा जगातील पहिला लांबचा प्रवास केला. वाटेत इंधनाची नळी तुंबली, तेव्हा तिने आपल्या टोपीची पिन काढून ती मोकळी केली. इंजिन बंद पडले असता प्रथम इंधनाची वाट तपासावी, हा मोटारदुरुस्तीचा पहिला धडा अशा रीतीने एका गृहिणीने घालून दिला.

पुढे १९०८ साली आलेल्या फोर्ड मॉडेल टी गाडीतही टाकी आसनाखाली असे आणि पेट्रोल केवळ उताराने कार्बोरेटरमध्ये उतरे. टाकीत इंधन थोडे असताना उभा चढ लागला की इंजिन टाकीपेक्षा उंच जाई आणि उपाशी पडे. मग चालक गाडी वळवून उलटी, पाठीमागे हाकत टेकडी चढत! त्यानंतर इंजिनाच्या शोषणाने पेट्रोल ओढणाऱ्या छोट्या टाक्या आल्या आणि १९२० च्या दशकाच्या अखेरीस इंजिनाच्या दांड्याने हलणारा पडद्याचा यांत्रिक पंप रूढ झाला. कुर्ल्याला तयार होणाऱ्या फियाट गाड्यांत हाच पंप होता. उन्हाळ्यात घाट चढताना तो तापून आतल्या पेट्रोलची वाफ होई, आणि टॅक्सीवाले त्यावर ओले फडके टाकून वाट पाहत बसत. हे दृश्य जुन्या पिढीने डोळ्यांनी पाहिलेले आहे.

विजेवर चालणारा पंपही तोवर जन्मला होता. इंग्लंडच्या एस. यू. कंपनीच्या पंपात विद्युत्चुंबक एक पडदा ओढी. ओढण्याच्या शेवटी संपर्क तुटे, स्प्रिंग पडद्याला मागे ढकली आणि पुन्हा संपर्क जुळे. किल्ली फिरवताच त्याची टिकटिक ऐकू येई, आणि कार्बोरेटर भरला की ती थांबे. हिंदुस्थान मोटर्सचा आरंभ १९४२ साली तेव्हाच्या बडोदे संस्थानातील ओखा बंदरावर झाला होता. पुढे उत्तरपाड्याला गेलेल्या याच कारखान्याने ‘बेबी हिंदुस्थान’ या नावाने मॉरिस मायनर आणली. मायनरला असा टिकटिकणारा पंप होता. संपर्कबिंदू झिजले की तो अडे, आणि चालक खाली उतरून त्यावर पान्याची हलकी टिचकी मारी. बहुधा तेवढ्याने तो जागा होई.

विशेष म्हणजे त्या काळच्या अनेक इंग्रजी गाड्यांच्या फ्यूजपेटीत कामाचे फ्यूज अवघे दोन असत आणि पंपाची तार पुष्कळदा फ्यूजमधून जातच नसे. विजेची साधने थोडी आणि तारा आखूड, म्हणून हे निभावून गेले. १९६७ साली फोक्सवॅगनच्या १६०० गाडीत बॉश कंपनीची इलेक्ट्रॉनिक इंधनफवाऱ्याची योजना आली आणि चित्र पालटले. फवाऱ्याला पेट्रोल मोठ्या दाबाने अखंड हवे असते. ते काम विजेचा पंपच करू शकतो. भारतात २००० सालापासून धुराविषयीचे नियम कडक होत गेले, कार्बोरेटर मागे पडला आणि पंप टाकीच्या पोटात जाऊन बसला. पेट्रोलात विजेचे यंत्र बुडवणे हा वेडेपणा वाटेल. परंतु हवेवाचून पेट्रोल पेटत नाही, आणि भोवतालचे पेट्रोलच त्या पंपाला थंड ठेवते. खरा धोका टाकीत नसून टाकीपर्यंत गाडीच्या तळातून जाणाऱ्या लांब तारेत आहे. तिचे आवरण कुठे घासले, उंदराने कुठे कुरतडले, तर बॅटरीचा शेकडो अँपिअरचा प्रवाह तिच्यातून धावेल. म्हणूनच या वाटेवर एक पहारेकरी बसवणे आवश्यक झाले.

त्या पहारेकऱ्याचे रूपही बदलत गेले. आधी काचेची नळी, युरोपात चिनी मातीच्या दांडीवर बसवलेली धातूची पट्टी, आणि १९७६ साली अमेरिकेच्या लिटलफ्यूज कंपनीने काढलेला दोन पात्यांचा प्लॅस्टिकचा फ्यूज. आज जगभर तोच दिसतो. त्याचा रंगच त्याची क्षमता सांगतो: तांबडा १० अँपिअर, निळा १५, पिवळा २०, पारदर्शक २५, हिरवा ३०. दुप्पट प्रवाह झाला की तो साधारण पाच सेकंदांच्या आत वितळतो. प्रवाह त्याहूनही मोठा असेल तर निमिषार्धात.

आता घाटातल्या त्या गाडीकडे परत यावे. सेल्फ फिरतो, म्हणजे बॅटरी ठीक आहे. किल्ली चालू स्थितीत आणली की मागील आसनाखालून, टाकीच्या बाजूने, दोनतीन सेकंद बारीक गुणगुण ऐकू यायला हवी. ती पंपाची असते. ती ऐकू येत नसेल तर संशय पंपाच्या मंडलावर जातो. अर्थात, पेट्रोलाचा वास येत असेल तर कोणत्याही तारेला हात न लावता आधी माणसे गाडीपासून दूर न्यावीत. वास नसेल तर किल्ली बंद करून फ्यूजपेटी उघडावी. ती बॉनेटखाली बॅटरीजवळ किंवा आत डॅशबोर्डखाली असते, आणि कोणता फ्यूज कशाचा याचा नकाशा बहुधा झाकणावरच छापलेला असतो. पेटीतील चिमट्याने पंपाचा फ्यूज सरळ वर ओढून उजेडात धरावा. दोन पात्यांना जोडणारी पट्टी तुटलेली दिसली तर निदान झाले. डोळ्यांना चीर दिसत नसेल तर मीटरने त्यातून प्रवाह जातो की नाही हे पाहावे. फ्यूज शाबूत असेल तर मात्र शोध पुढे न्यावा लागतो: पंपाचा रिले, काही गाड्यांत अपघाताच्या धक्क्याने पंप बंद करणारी कळ, आणि शेवटी स्वतः पंप.

जळालेला फ्यूज लगेच फेकून देऊ नये. तो साक्षीदार आहे. पट्टी मध्यभागी शांतपणे वितळून विलग झाली असेल, तर प्रवाह थोडासाच जास्त, पण बराच वेळ वाहिला. पंप झिजला असेल, गाळणी तुंबल्यामुळे त्याला अधिक श्रम पडत असतील, किंवा नेहमी टाकीच्या तळाशी पेट्रोल ठेवून गाडी चालवल्याने तो तापत असेल. उलट, आतले प्लॅस्टिक काळवंडून धातूचे शिंतोडे उडाले असतील, तर कुठेतरी उघडी तार गाडीच्या सांगाड्याला थेट टेकली आहे. पट्टी शाबूत, पण पात्यांजवळचे प्लॅस्टिक वितळलेले असेल, तर दोष सैल बसलेल्या जोडाचा. जाणता मिस्त्री नवा फ्यूज घालण्यापूर्वी जुन्याची ही जबानी वाचतो.

नवा फ्यूज त्याच क्षमतेचा हवा. झाकणात सुटा फ्यूज नसेल तर सिगारेटलायटर किंवा रेडिओ यांचा तितक्याच अँपिअरचा फ्यूज काढून तात्पुरता लावता येतो. गाण्यावाचून घाट उतरता येतो, पेट्रोलावाचून नाही. तो टिकला तर गाडी चालेल, पण गावात पोचल्यावर कारणाचा शोध घ्यावाच. तो तत्काळ उडाला तर दुसरा घालून पाहू नये.

आणि येथेच मोह उभा राहतो. काळोख पडतो आहे, पाऊस थांबत नाही, आणि कोणी सुचवतो, ‘तीसचा घाला, नाहीतर तार गुंडाळा.’ हा मोह फ्यूजइतकाच जुना आहे. अमेरिकेत लोक घरच्या उडालेल्या फ्यूजमागे तांब्याचे नाणे सरकवत. तो प्रकार इतका बोकाळला की चुकीच्या क्षमतेचा फ्यूज बसूच नये अशा खास खोबणी करणे भाग पडले. आपल्याकडे सिगारेटच्या पाकिटातील चांदी आणि तांब्याच्या तारेचे वेढे यांनी तेच काम केले. जूल यांचा नियम येथे आठवावा. पंधराच्या जागी तीस अँपिअरचा फ्यूज घातला, तर तो हरकत घेण्याआधी तारेत चौपट उष्णता निर्माण होऊ शकते. फ्यूजचे शिसे ३२७ अंशांना आणि जस्त ४२० अंशांच्या आसपास वितळते. तांब्याच्या तारेला १०८५ अंश लागतात, आणि तोवर तिच्याभोवतीचे आवरण केव्हाच पेटलेले असते. ती तार जाते कोठे, तर पेट्रोलाच्या टाकीकडे. आणि तिच्या वर, आसनावर, मुलेबाळे बसलेली असतात.

फ्यूज पंपाला वाचवण्यासाठी नसतो. पंप बहुधा आधीच बिघडलेला असतो. तो तारेला वाचवतो, आणि तारेच्या आधाराने माणसांना. ब्रेगे यांनी १८४७ साली जी कडी मुद्दाम कच्ची ठेवली, ती पक्की करण्याची घाई ज्याला होते, तो साखळी बळकट करीत नाही. ती कोठे तुटावी हे ठरवण्याचा आपला अधिकार तेवढा सोडून देतो. घाटात तासभर भिजत उभे राहावे लागले तर कपडे वाळतात. त्या निळ्या तुकड्याने दिलेला इशारा मोडून काढला, तर पुढे काय जळेल याला मात्र माप नाही.