पशुवैद्यक ते कृषिमंत्री : फ्रान्स्वा पात्रिया यांचे राजकीय जीवन

प्रस्तावना :
भारतीय नेतृत्वाच्या अभ्यासात वकील, शिक्षक व सहकारी चळवळीतील कार्यकर्ते यांचा विचार पुष्कळ झाला आहे. शेतकऱ्याच्या गोठ्यापर्यंत पोहोचणारा पशुवैद्यक मात्र त्यात क्वचितच आढळतो. फ्रान्समधील फ्रान्स्वा पात्रिया यांचे जीवन या दृष्टीने अभ्यसनीय ठरते.

पार्श्वभूमी :
अठराव्या शतकात बुळकांडी रोगाने युरोपातील गुरे मोठ्या संख्येने दगावत होती. त्यातूनच १७६१ मध्ये क्लोद बूर्जला यांना ल्यों येथे जगातील पहिले पशुवैद्यक विद्यालय स्थापण्याची अनुमती मिळाली. पुढे पॅरिसजवळील आल्फोर येथेही असे विद्यालय निघाले. पात्रिया यांचे शिक्षणही पशुवैद्यकाचेच. त्यांचा जन्म १९४३ मध्ये बर्गंडी प्रांतातील सेम्यूर-आं-ऑक्स्वा येथे झाला. हा प्रदेश शारोले जातीच्या पांढऱ्या गुरांसाठी प्रसिद्ध आहे.

राजकीय वाटचाल :
१९८१ मध्ये समाजवादी पक्षाच्या लाटेत ते राष्ट्रीय सभेवर निवडून आले. १९९३ मध्ये त्यांचा पराभव झाला. १९९७ मध्ये ते पुन्हा विजयी झाले. २००० च्या शिकारविषयक कायद्याच्या घडणीत त्यांचा महत्त्वाचा वाटा होता. त्याच वर्षी लिओनेल जोस्पँ यांच्या मंत्रिमंडळात लघुउद्योग, व्यापार व ग्राहक व्यवहार ही खाती त्यांच्याकडे आली. तेव्हा ‘मॅड काऊ’ रोगाच्या भीतीने फ्रान्स हादरला होता. नोव्हेंबर २००० मध्ये शासनाने मांस व हाडांच्या चुऱ्यापासून बनविलेल्या पशुखाद्यावर बंदी घातली. गुरांचा रोग हा ग्राहकाच्या ताटाचाही प्रश्न असतो, हे या संकटाने सिद्ध केले. फेब्रुवारी ते मे २००२ या अल्पकाळात ते कृषिमंत्री होते. २००४ ते २०१५ या काळात त्यांनी बर्गंडी प्रादेशिक परिषदेचे अध्यक्षपद भूषविले. २००८ मध्ये ते सिनेटवर गेले. २०१७ मध्ये त्यांनी इमॅन्युएल माक्राँ यांच्या पक्षाची वाट धरली.

तुलना :
मुंबईत १८८६ मध्ये व परभणीत १९७२ मध्ये पशुवैद्यक महाविद्यालये स्थापन झाली. लाल कंधारी गोवंशाच्या या प्रदेशात पशुवैद्यकाचे महत्त्व वेगळे सांगावयास नको. तथापि फ्रान्समधील ग्रामीण पशुवैद्यक बहुतांशी स्वतंत्र व्यावसायिक असतो, तर महाराष्ट्रात तो प्रामुख्याने शासकीय सेवक असतो. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ अन्वये अशा सेवकास राजकारणात भाग घेता येत नाही. शेतकऱ्याची अडचण ज्यास सर्वाधिक ठाऊक, त्याच्यासाठी विधिमंडळाचे दार सेवेत असेपर्यंत बंद राहते.

समारोप :
नेतृत्व केवळ व्यक्तिगत गुणांतून घडत नाही. व्यवसायाची रचनाही ते घडविते अथवा रोखते. सेवकाने निःपक्ष असावे, हा नियम योग्यच आहे. परंतु २०२२ मध्ये लम्पी चर्मरोगाने राज्यातील पशुपालकांवर जे संकट आणले, ते पाहता पशुवैद्यकाचे अनुभवज्ञान धोरणकर्त्यांपर्यंत पोहोचविणारा दुसरा मार्ग निर्माण करणे अगत्याचे ठरते. पात्रिया यांच्या जीवनाचा मराठवाड्यासाठी हाच खरा बोध होय.