रेघेबाहेरचा माणूस

शाळेच्या मैदानावर चुन्याने आखलेली हँडबॉलची ती रेघ आठवते का? गोलपासून सहा मीटरवरची, जिच्या आत गोलरक्षकाखेरीज कोणी पाय टेकवायचा नाही. आमचे खेळाचे सर मैदानाबाहेर उभे राहून ओरडायचे आणि आम्हा मुलींना वाटायचं, सरांचं बरं आहे, पळायचं आम्हीच! पुढे नोकरीत माझ्या हाताखाली सात जणांची टीम आली. पहिले सहा महिने मी रात्री जागून इतरांचा कोड स्वतःच लिहीत बसले. बाहेर उभं राहणं मला जमत नव्हतं. त्या दिवसांत हायनर ब्रँड या जर्मन हँडबॉलपटूबद्दल वाचायला लागले. आज त्याचीच गोष्ट सांगते.

ब्रँडचा जन्म १९५२ चा, गुमर्सबाखचा. कोलोन शहराच्या पूर्वेला, सुमारे पन्नास किलोमीटरवर असलेलं हे छोटं गाव हँडबॉलवेडं. क्लाउस आणि योखेन हे त्याचे भाऊही पश्चिम जर्मनीकडून खेळले. ब्रँड खेळाडू म्हणून कायम गावच्याच क्लबमध्ये राहिला. आक्रमणात तो पिव्होटच्या जागी, म्हणजे समोरच्यांच्या बचावफळीत घुसून खेळायचा, पण त्याचं खरं नाव झालं ते बचावासाठी. बचाव करणाऱ्याचं नाव धावफलकावर लागत नाही, हे आपल्यापैकी जे खेळलेत त्यांना ठाऊक आहे.

१९७८ ची जागतिक स्पर्धा डेन्मार्कमध्ये झाली. पश्चिम जर्मनीचे प्रशिक्षक होते व्लाडो श्टेंत्सेल. १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये त्यांनीच युगोस्लाव्हियाला सुवर्णपदक मिळवून दिलं होतं. कोपनहेगनच्या अंतिम सामन्यात त्यांच्या तरुण संघाने सोव्हिएत संघाला २०-१९ असं हरवलं. ब्रँड त्या संघात होता.

पुढचं वर्ष मात्र वाईट आलं. ३० मार्च १९७९ रोजी हंगेरीत तातबान्या इथे क्लबच्या सामन्यात योआखिम डेकार्म प्रतिस्पर्ध्यावर आदळला आणि त्याचं डोकं जमिनीवर आपटलं. डेकार्म हा क्लबमधला आणि राष्ट्रीय संघातला ब्रँडचा सहकारी, त्या काळातला जगातल्या उत्तम खेळाडूंपैकी एक. तो १३१ दिवस बेशुद्ध होता. शुद्धीवर आल्यावर बोलणं-चालणं पुन्हा पहिल्यापासून शिकला, पण खेळणं कायमचं संपलं. १९८० मध्ये पश्चिम जर्मनीने मॉस्को ऑलिंपिकवर बहिष्कार टाकला आणि जगज्जेता संघ घरीच बसला.

खेळणं थांबल्यावर ब्रँड प्रशिक्षक झाला. त्याच्या हाताखाली गुमर्सबाखने १९८८ आणि १९९१ मध्ये जर्मनीचं विजेतेपद मिळवलं. १९९७ मध्ये राष्ट्रीय संघ त्याच्याकडे आला तेव्हा अवस्था अशी होती, की त्या वर्षीच्या जागतिक स्पर्धेसाठी जर्मनी पात्रसुद्धा ठरला नव्हता.

पुढच्या काही वर्षांचा हिशेब पाहा. २००२ च्या युरोपीय स्पर्धेचा अंतिम सामना स्वीडनकडून जादा वेळेत हरले. २००३ ची जागतिक अंतिम लढत क्रोएशियाकडून हरले. २००४ मध्ये युरोपचं अजिंक्यपद मिळालं, पण त्याच वर्षी अथेन्स ऑलिंपिकच्या अंतिम सामन्यात पुन्हा क्रोएशियाच आडवा आला, २६-२४. त्यानंतर अनुभवी खेळाडूंची एक पिढीच राष्ट्रीय संघातून निवृत्त झाली. ब्रँडने पुन्हा मुळापासून संघ बांधायला घेतला.

२००७ ची जागतिक स्पर्धा जर्मनीतच होती. गटातच पोलंडने त्यांना २७-२५ असं हरवलं. एक पिव्होट जखमी झाला, तेव्हा ब्रँडने निवृत्त झालेल्या ३७ वर्षांच्या ख्रिश्चन श्वार्झरला ऐन स्पर्धेत बोलावून घेतलं. उपांत्य फेरीत फ्रान्सविरुद्ध दोनदा जादा वेळ खेळावा लागला आणि ३२-३१ असा निसटता विजय मिळाला. ४ फेब्रुवारीला कोलोनमध्ये, सुमारे १९ हजार प्रेक्षकांसमोर, अंतिम सामन्यात समोर पुन्हा पोलंड! गोलरक्षक हेनिंग फ्रिट्झ उत्तरार्धात जखमी झाला, त्याच्या जागी योहानेस बिटर उतरला आणि तोही भिंतीसारखा उभा राहिला. जर्मनी २९-२४ असा जिंकला. खेळाडू म्हणून मिळवलेलं जगज्जेतेपद ब्रँडने २९ वर्षांनी प्रशिक्षक म्हणून मिळवलं, तेही आपल्या गावापासून तासाभराच्या अंतरावर.

बक्षीस समारंभाला त्याचे खेळाडू ओठांवर खोट्या मिशा चिकटवून उभे राहिले. ब्रँडची झुबकेदार मिशी सगळ्या जर्मनीला माहीत होती. शिष्यांनी गुरूला दिलेली याहून गोड दाद मी पाहिलेली नाही.

शेवट मात्र सिनेमासारखा नाही. २०११ च्या जागतिक स्पर्धेत जर्मनी अकराव्या क्रमांकावर घसरला आणि त्याच वर्षी ब्रँडने पद सोडलं. चौदा वर्षांत एकदाही त्याला स्वतः चेंडू हातात घेऊन फेकता आला नव्हता. आधी हरलेल्या सामन्यांनंतर तो दुसऱ्या दिवशी पुन्हा सरावाला उभा राहिला, हेच मला जास्त मोठं वाटतं.

जिल्ह्याचा अंतिम सामना आपण एका गोलने हरलो, ते माझ्या हातून चेंडू निसटल्यामुळे. सर काही बोलले नाहीत. सगळ्यांना उसाचा रस पाजला. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला मैदानावर गेले, तर ते चुन्याची पिशवी घेऊन पुसट झालेली रेघ नव्याने आखत होते.

सर, मेळाव्याला तुम्ही याल तेव्हा आम्ही मिशा लावून उभ्या राहिलो, तर रागवू नका.